मध्ये कोणी येत नाही, तरी मोडतं: ‘ला दांतलिएर’मधला वर्ग नेमका कुठे दिसतो

प्रश्न असा आहे: क्लोद गोरेता यांचा १९७७ सालचा ‘ला दांतलिएर’ (म्हणजे लेस विणणारी मुलगी) हा चित्रपट पाहिला. पॅरिसच्या सलूनमध्ये काम करणारी पोम आणि साहित्य शिकणारा फ्रान्स्वा यांचं जमतं आणि काही महिन्यांत मोडतं. घरच्यांचा आडकाठी घालणारा विरोध नाही, तिसरी व्यक्ती नाही, मोठं भांडणही नाही. मग घडलं काय? आणि अशाच विषयावर २५ मिनिटांचा लघुपट करायचा असेल, तर वर्गभेद संवादांतून न सांगता दाखवायचा कसा?

घडलं ते इतकंच, की फ्रान्स्वाला पोमचं भलं करायचं होतं. तिने पुढे शिकावं, वाचावं, सलूनपेक्षा बरं काहीतरी करावं असं त्याला मनापासून वाटतं. पोमला मात्र आपल्या कामात काही कमी आहे असं वाटतच नाही. तिला तो हवा आहे, त्याची खोली आवरायची आहे, संध्याकाळी त्याच्याजवळ बसायचं आहे. तो तिच्याकडे पाहतो तेव्हा त्याला उद्याची, सुधारलेली पोम दिसते आणि समोर बसलेली मुलगी नजरेतून निसटते. सगळा चित्रपट या एका नजरेवर उभा आहे. त्यामुळे त्यात खलनायकाची गरज पडत नाही, आणि त्यामुळेच असा चित्रपट लिहिणं अवघड जातं. ज्याच्यामुळे नातं मोडतं तो मुलगा प्रेक्षकाला शेवटपर्यंत सभ्य वाटला पाहिजे, आणि तरी हिशेब त्याच्याच नावावर लागला पाहिजे.

फ्रेंच सिनेमा इथपर्यंत एकदम पोहोचलेला नाही. तुलनेसाठी आधीचे दोन चित्रपट पाहून घ्या, म्हणजे गोरेतांनी काय काय काढून टाकलं ते लक्षात येईल.

पहिला मार्सेल पान्योल यांचा ‘ला फी द्यु प्विझातिए’, म्हणजे विहीर खणणाऱ्याची मुलगी. चित्रीकरण मे १९४० मध्ये सुरू झालं, युद्धामुळे थांबलं, उन्हाळ्यात पुन्हा सुरू झालं आणि डिसेंबरात चित्रपट लागला. प्रोव्हाँसमधली पात्रिसिया आणि दुकानदार माझेल यांचा वैमानिक मुलगा जाक. मुलाला तातडीने युद्धावर जावं लागतं. तो आईजवळ चिठ्ठी देतो, आई ती जाळून टाकते. पात्रिसियाला दिवस गेलेले असतात. तिचा बाप माझेलांच्या दारात जातो आणि हात हलवत परत येतो. इथे वर्ग म्हणजे दोन घरं, आणि मधला अडथळा हातात धरता येतो: एक चिठ्ठी, एक उंबरठा. पुढे मुलगा गेल्याची बातमी येते आणि त्याच माझेलांना नातू हवासा वाटू लागतो. गरीब बापाची भूमिका रेम्यू या नटाने केली आहे. माझेल दांपत्य नातवासाठी त्याच्याकडे येतं तेव्हा तोल कसा फिरतो, ते पटकथा लिहिणाऱ्याने दोनदा पाहावं. पैसा एका बाजूला, मूल दुसऱ्या बाजूला, आणि कोणीही आवाज न चढवता चाललेला सौदा.

दुसरा क्लोद ओताँ-लारा यांचा १९४३ चा ‘दूस’. कथा १८८७ च्या नाताळातल्या पॅरिसमधली आहे, आयफेल टॉवर अजून अर्धवट उभा आहे. काउंटेस बोनाफेच्या वाड्यात नात दूस कारभारी फाबियांवर प्रेम करते, फाबियांचं मन दूसच्या शिक्षिकेवर आहे, आणि त्या शिक्षिकेवर दूसच्या विधुर बापाचा डोळा आहे. वरची खालच्याकडे, खालचा बरोबरीचीकडे, आणि वरचा पुन्हा खालचीकडे. एकाच छपराखाली हे सगळं घडत असल्यामुळे दिग्दर्शकाने वर्ग थेट वास्तुरचनेत उतरवला आहे. काउंटचा, म्हणजे दूसच्या बापाचा, एक पाय लाकडी, म्हणून घरात लिफ्ट बसवली आहे. कोण लिफ्टने जातं, कोण जिन्याने, कोण कोणासाठी थांबतं, यावर नजर ठेवली तर निम्मी पटकथा आवाज बंद करूनही कळते. नाताळच्या दिवसांत काउंटेस गरिबांना दानधर्म करते आणि जाताना त्यांना सबुरी आणि सहनशीलता लाभो अशा शुभेच्छा देते. त्यावर, उतावीळपणा आणि बंड लाभो असं म्हणा, या अर्थाचं उत्तर येतं. हे वाक्य व्हिशी काळातल्या, म्हणजे जर्मनांपुढे झुकलेल्या युद्धकाळातल्या फ्रेंच सरकारच्या, सेन्सॉरला पचलं नाही, यात नवल नाही.

या दोन्ही चित्रपटांत प्रेमाला अडवणारं कोणीतरी आहे. १९७७ पर्यंत अडवणाऱ्यांच्या हातातली हत्यारं कायद्यानेच काढून घेतली होती. फ्रान्समध्ये १९६७ च्या कायद्याने गर्भनिरोधनाला परवानगी मिळाली, १९७५ मध्ये गर्भपाताला. जुलै १९७४ मध्ये सज्ञान होण्याचं वय २१ वरून १८ वर आलं. म्हणजे पोमच्या वयाच्या मुलीला कोणाच्या घरी राहायचं हे ठरवायला आईची सही लागत नव्हती, आणि दिवस जाणं ही कथानकाला हमखास पुढे ढकलणारी घटना उरली नव्हती. गोरेतांपुढचा प्रश्न असा होता: सगळे बाहेरचे अडथळे गेले, दोघं खरोखर एका खोलीत राहायला लागले, तर आता काय होतं? तुमच्या लघुपटाची पहिली तपासणी हीच करा. तुमच्या गोष्टीच्या काळात आणि गावात कायदा, पैसा आणि रीत यांनी कोणते अडथळे उरवले आहेत आणि कोणते उडवले आहेत, ते एका कागदावर लिहून काढा. जो अडथळा वास्तवात राहिलेला नाही तो केवळ सोय म्हणून पटकथेत आणला, की प्रेक्षकाला लेखकाचा हात दिसतो.

आता चित्रपटाच्या मांडणीकडे.

दोघं भेटतात काबूरला, नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर. जागा फार हिशेबाने निवडलेली आहे. १९३६ मध्ये फ्रेंच कामगारांना दोन आठवड्यांची पगारी रजा मिळाली, १९५६ मध्ये तीन, १९६९ मध्ये चार. सलूनमधली मुलगी आणि विद्यापीठातला मुलगा एकाच किनाऱ्यावर, शेजारच्या टेबलांवर बसू शकतात ते या रजेमुळे. त्यातही काबूर म्हणजे फ्रेंच कादंबरीकार प्रूस्तच्या कादंबरीतल्या बाल्बेक या काल्पनिक गावाचं मूळ. साहित्याच्या विद्यार्थ्यासाठी त्या गावाला पुस्तकांचा वास आहे. पोमसाठी ते मैत्रिणीबरोबर सुट्टीला आलेलं समुद्राकाठचं गाव आहे. एकाच बाकावर बसून दोघं दोन वेगळी गावं पाहत आहेत, आणि ते कोणी बोलून दाखवत नाही. मैत्रीण मारिलेन तिथे एक पुरुष गाठून निघून जाते आणि पोम एकटी उरते. मारिलेनचं हे पात्र निव्वळ कथा हलवायला ठेवलेलं नाही. पोमच्याच वर्गातली, पण बोलकी, स्वतःची किंमत वाजवून घेणारी मुलगी आधी दाखवली, की पोमचा अबोलपणा हा ‘कामगार मुली अशाच असतात’ असा सरसकट नमुना न राहता एका मुलीचा स्वभाव होतो. हे पात्र तुमच्या पटकथेत नसेल तर आणा. दोन दृश्यं पुरतात.

याच भागात कड्यावरचं दृश्य येतं. तो तिला डोळे मिटून चालायला लावतो, फक्त आवाजाने दिशा सांगतो, आणि ती कड्याच्या टोकापर्यंत जाते. प्रेमाचा खेळ म्हणून पाहिलं तर गोड आहे. पण सूचना कोण देतं आणि डोळे कोण मिटतं, हे ठरलं की पुढचे महिने ठरले. पुढे पॅरिसमध्ये जे जे होतं ते याच दृश्याचं विस्तारित रूप आहे: तो सांगतो, ती चालते. बीज पेरायचं ते असं, पहिल्या तृतीयांशात, आनंदाच्या दृश्यात, जिथे कोणालाही शंका येणार नाही. लघुपटात लोक नेमकं उलट करतात. पहिल्याच दृश्यात मुलगा गाडीतून उतरतो, मुलगी बसच्या रांगेत, आणि मागे उदास व्हायोलिन. मग पुढे उलगडायला काय राहिलं?

पॅरिसच्या खोलीतला भाग सगळ्यात संपन्न आहे, आणि पहिल्यांदा पाहताना सगळ्यात कंटाळवाणा वाटतो. ती कामावर जाते, परत येते, घरकाम करते. तो वाचतो. इथे वर्ग दोन गोष्टींत आहे: हात आणि वेळ. पोमचे हात सतत काहीतरी करत असतात. दिवसभर दुसऱ्यांच्या डोक्यांवर शाम्पू, संध्याकाळी भांडी आणि कपडे. फ्रान्स्वाचे हात पुस्तक धरतात. तिचा वेळ घड्याळावर विकलेला आहे, त्याचा वेळ त्याच्या मालकीचा आहे. पास्कल लेने यांच्या मूळ कादंबरीला १९७४ चा गाँकूर हा मानाचा फ्रेंच साहित्य पुरस्कार मिळाला होता, आणि तिच्यातला मुलगा पडत्या काळातल्या खानदानी घरातला, जुन्या दस्तऐवजांचा अभ्यास करणारा आहे. चित्रपटात त्याला साहित्याचा विद्यार्थी केलं. पटकथा गोरेता आणि लेने यांनी मिळून लिहिली. हा बदल शहाणपणाचा आहे, कारण खानदान आलं की पुन्हा वाडा आला, आणि वाडा आला की पुन्हा ‘दूस’. साध्या मध्यम सुस्थितीतल्या, पुस्तकं असलेल्या घरातला मुलगा घेतला की दोघांमधलं अंतर पैशात मोजता येत नाही.

पियेर बूर्दिय या समाजशास्त्रज्ञाने याच काळात ‘सांस्कृतिक भांडवल’ म्हणून जे मांडलं ते हेच: कोणत्या चित्रासमोर किती वेळ थांबायचं, कोणत्या शब्दावर हसायचं, कुठे गप्प राहायचं, हे घरात न शिकवता मिळालेलं असतं आणि नंतर शिकून त्याची सहजता येत नाही. फ्रान्स्वा पोमला पुस्तक देऊ शकतो. ती सहजता देऊ शकत नाही. ते त्याला कळत नाही, म्हणून तो चिडत जातो. चिडतो तेही सौम्यपणे.

मग त्याचे मित्र येतात. १९६८ च्या विद्यार्थी-कामगार उठावानंतरची ही पिढी आहे, बोलण्यात कामगारवर्ग आणि द्वंद्ववाद असे मार्क्सवादी शब्द. आणि त्याच बैठकीत खरीखुरी कामगार मुलगी बसलेली असते, जिला ‘द्वंद्ववाद’ या शब्दाचा अर्थ माहीत नाही. या दृश्यात एकही मित्र तिचा अपमान करत नाही. इथे नवे लेखक हमखास घसरतात: एखाद्या मित्राच्या तोंडी टोमणा घालतात. टोमणा आला की प्रेक्षकाचा राग त्या मित्रावर निघून जातो आणि फ्रान्स्वा सुटतो. मित्र चांगलेच असू द्या. त्यांनी तिला प्रेमाने काही विचारावं, उत्तराची थोडी वाट पाहावी आणि मग आपल्या विषयाकडे वळावं. ती ‘थोडी वाट’ एडिटमध्ये साधारण दोन सेकंदांची असते. एक सेकंद ठेवलीत तर उद्धटपणा वाटतो, चार ठेवलीत तर दिग्दर्शक बोट दाखवतोय असं वाटतं. या दोन सेकंदांत कॅमेरा पोमवर न ठेवता फ्रान्स्वावर ठेवून पाहा. तिच्या गप्प बसण्याची त्याला लाज वाटते आहे, आणि लाज वाटल्याचीही लाज वाटते आहे. दृश्य त्याच्या चेहऱ्यावर घडतं.

त्याच्या आईवडिलांच्या घरचं जेवण हे या चित्रपटाचं मर्म. वाद नाही, चौकशी सभ्य आहे. आणि जेवताना पोमच्या घशात माशाचा काटा अडकतो, तिला ठसका लागतो. एवढंच. पण त्या टेबलावर शरीराने आवाज करणं हीच चूक आहे, आणि ती तिच्या हातून तिच्या मर्जीविरुद्ध घडते. चिठ्ठी जाळणाऱ्या आईच्या जागी १९७७ मध्ये एक काटा आला आहे.

तुमच्या लघुपटात काटा मात्र उचलू नका. कोकण-गोव्याच्या प्रेक्षकासाठी काट्याचा मासा खाणं ही कोळ्यापासून भाटकारापर्यंत (गोव्यातला जमीनदार) सगळ्यांची रोजची गोष्ट, उलट घाटावरचा सधन पाहुणाच तिथे फसेल. दृश्याचा अर्थ उलटा होऊन बसेल. आपल्याकडच्या टेबलावर वर्ग इतर ठिकाणी पकडता येतो: जेवण झाल्यावर ताट उचलायला कोण उठतं आणि ‘असू दे, मावशी उचलतील’ हे कोण म्हणतं, वाढणाऱ्या बाईकडे पाहून पाहुणी मुलगी हसते आणि घरातलं कोणी तिच्याकडे पाहतही नाही, मुलीला मिळालेला पाण्याचा पेला वेगळा आहे की तसाच. शेवटचा मुद्दा लिहिताना जपून, कारण तिथे वर्ग संपून जात सुरू होते.

आणि ते तुम्हाला टाळता येणार नाही. फ्रेंच नमुना जसाच्या तसा उचलण्यातली मोठी अडचण हीच आहे. महाराष्ट्रात दोन आडनावं उच्चारली की प्रेक्षक मनात सगळा हिशेब मांडून मोकळा होतो. तुम्ही जात उल्लेखली नाही म्हणून ती गोष्टीत नाही, असं होत नाही. फक्त तिच्यावर तुमचा ताबा राहत नाही. दोन रस्ते आहेत. दोन्ही पात्रं एकाच जातीतली आणि आर्थिक, शैक्षणिक अंतर असलेली घ्या, आणि आडनावांतून ते पहिल्या दोन मिनिटांत कळू द्या. मग उरलेली गोष्ट फक्त वर्गाची राहील. किंवा जात उघड आणा, पण मग बाहेरचा विरोध हा वास्तवातला अडथळा आहे, तो दाखवावा लागेल, आणि चित्रपट गोरेतांच्या बाजूला न राहता पान्योलच्या बाजूला सरकेल. त्यात कमीपणा नाही. पण अर्धवट दोन्हीकडे पाय ठेवला तर २५ मिनिटांत काहीच हाती लागणार नाही.

आता पोमच्या गप्प राहण्याविषयी, कारण तुम्हाला खरी धास्ती त्याचीच वाटायला हवी. पोमची भूमिका करणाऱ्या इझाबेल युपेर तेव्हा तेवीस-चोवीस वर्षांच्या होत्या. त्यांच्या कामाचं कौतुक करताना लोक ‘किती कमी करते’ म्हणतात. नीट पाहा, ती सतत काहीतरी करते आहे. फक्त ते बोलणं नाही. गोरेता जिनिव्हाचे, स्विस टेलिव्हिजनसाठी माहितीपट करत मोठे झालेले. काम करणाऱ्या माणसाकडे कॅमेरा रोखून थांबण्याची त्यांची सवय तिथली आहे. नटीला ‘उदास बस’ सांगितलं की ती उदासपणाचा अभिनय करते आणि पडद्यावर दिसतो तो नुसता लोंबणारा चेहरा. तिला काम द्या, तेही पुरं होणारं काम: सहा शर्टांच्या घड्या, एका टॉवेलचं सुकत घालणं, सुईत दोरा ओवणं. तालमीत ते काम आधी तोंडपाठ होऊ द्या, मग संवाद घाला. मुलगा बोलत असताना तिसऱ्या शर्टावर तिचा हात किती वेळ थांबतो, हा तुमचा संवाद. घडी मोडून पुन्हा घातली तर तोही. पण एका दृश्यात असा एकच थांबा. दोन झाले की प्रेक्षक मोजायला लागतो.

नातं तुटतं तेही असंच. तो निर्णय सांगतो, ती भांडत नाही, आईकडे परत जाते. लेखकाला इथे तिच्या तोंडी एक तरी जळजळीत वाक्य घालावंसं वाटतं. ते वाक्य कच्च्या खर्ड्यात जरूर लिहा, नटीला वाचून दाखवा, तिच्या मनात राहू द्या आणि चित्रीकरणाच्या प्रतीतून काढून टाका. आधीच्या दृश्यांत पुरेसं साठलेलं असेल तर ते लागणार नाही. लागतंय असं वाटलं तर दोष शेवटच्या दृश्यात नसतो. खोलीतल्या भागात तुम्ही काटकसर केलेली असते.

यापुढच्या भागाबद्दल माझं मत चित्रपटाच्या चाहत्यांना आवडणार नाही. पोम खाणं सोडते, रस्त्यात कोसळते, मनोरुग्णांच्या दवाखान्यात जाते. फ्रान्स्वा भेटायला येतो, ती ग्रीसला जाऊन आल्याचं सांगते, आणि मग आपल्याला दिसतं की ती ग्रीसची पोस्टरं लावलेल्या खोलीत विणत बसली आहे. ती वळून थेट कॅमेऱ्याकडे पाहते. तो शॉट थोर आहे, कारण पावणेदोन तास आपणही तिच्याकडे फ्रान्स्वासारखंच पाहत होतो, आणि आता ती उलटून पाहते. ग्रीसची थाप तर त्याहून मोठी, ती पोमने स्वतः रचलेली पहिली गोष्ट आहे. पण त्यानंतर पडद्यावर मजकूर येतो: तो तिच्या अगदी जवळून गेला आणि त्याला ती दिसली नाही, कारण जुन्या चित्रांतल्या धुणंवाल्या, पाणक्या किंवा लेस विणणाऱ्या मुलींसारखी ती होती, अशा आशयाचा. शीर्षकाचा संदर्भ इथे उघड होतो. डच चित्रकार व्हर्मीरचं लेस विणणाऱ्या मुलीचं चित्र पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे, जेमतेम २४.५ बाय २१ सेंटिमीटरचं, कामात बुडालेली मुलगी, तिची नजर सुयांवर. संदर्भ सुंदर, पण नजरेने जे झालं होतं ते शब्दांनी पुन्हा सांगितलं. आणि गंभीर आक्षेप वेगळा: कामगार मुलीचं दुःख सिद्ध करायला तिला आजारी पाडावं लागावं का? ती दुसऱ्या दिवशी सलूनमध्ये कामावर गेली असती, शाम्पू करत राहिली असती, तर चित्रपट जास्त कठोर झाला असता. फ्रान्स्वाला मोटारीत बसून रडायची सोयही मिळाली नसती. तुमच्या लघुपटात आजार, आत्महत्या, अपघात, काहीही नको. सोमवार येऊ द्या.

आता वेळेचं गणित. पटकथेचं एक पान म्हणजे साधारण एक मिनिट हा हिशेब संवादप्रधान लेखनासाठी ठीक आहे. इथे तो फसतो. ‘ती शर्टांच्या घड्या घालते, तो बोलतो, ती थांबते’ ही दीड ओळ पडद्यावर सव्वा मिनिट खाते. २५ मिनिटांसाठी १७-१८ पानांपलीकडे जाऊ नका, दृश्यं दहा-बारा. भेट आणि सुरुवातीचा आनंद सहा मिनिटं, एकत्र राहणं आठ, मित्र तीन, त्याच्या घरचं जेवण पाच, तुटणं दोन, नंतरचा दिवस एक. ‘एकत्र राहणं’ हा भाग कापायची सूचना प्रत्येक जण देईल. तो कापू नका, भेट कापा. दोन माणसं प्रेमात पडली हे प्रेक्षक एका चांगल्या दृश्यात मान्य करतो.

जेवणाच्या दृश्याला एक अख्खा दिवस ठेवा. चार माणसं, पाच सेटअप (कॅमेऱ्याच्या जागा), प्रत्येकी चार टेक धरले तरी वीस वेळा तेच जेवण. ताटं दर टेकनंतर पूर्ववत करावी लागतात, म्हणून अन्न पाचपट आणा आणि थंड झाल्यावरही बघायला बरं दिसेल असा बेत ठेवा: कोरडी भाजी, चपाती, वरणाऐवजी घट्ट उसळ. रश्श्याची पातळी प्रत्येक शॉटमध्ये उडी मारते. नटांनी घास अर्ध्या आकाराचे घ्यावेत, आणि कोणत्या शब्दावर घास तोंडात जातो हे कंटिन्युइटी पाहणाऱ्याने संहितेत खूण करून ठेवावं. तोंडात घास असताना कोणी महत्त्वाचं वाक्य बोललं तर एडिटमध्ये ते वाक्य अडकून बसतं. आधी चौघांचा मास्टर शॉट, म्हणजे सगळे एकत्र दिसणारा, पूर्ण लांबीचा घ्या. मग मुलाचा क्लोजअप, मुलीचा त्यानंतर. नटीचा चेहरा शेवटी घेतल्याने तिची दिवसभराची अस्वस्थता खरोखर साचलेली असते, आणि ती फुकट मिळते.

आवाज वेगळा टिपा. ताटावर चमचा वाजणं, पाणी ओतणं, खुर्ची सरकणं, प्रत्येकाचे तीन-चार नमुने त्याच खोलीत, पंखा आणि फ्रिज बंद करून, शिवाय त्या खोलीची एक मिनिटभराची नुसती शांतता. मिश्रण करताना मुलीच्या ताटाचा आवाज इतरांपेक्षा किंचित, दोन-तीन डेसिबलने वर ठेवा. प्रेक्षकाला ते जाणवणार नाही, पण तिला स्वतःचं खाणं ऐकू येतंय एवढं पोहोचेल. पार्श्वसंगीत या दृश्यात अजिबात नको, आणि संगीतकार आग्रह धरत असेल तर त्याला ‘दूस’मधली लिफ्टची दृश्यं आधी आवाजाशिवाय दाखवा, मग बोलणी करा.